सीयूईटीचा इतिहास : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बारावीनंतर महाराष्ट्राबाहेरच्या केंद्रीय विद्यापीठांत जायचं म्हणून दरवर्षी आपल्याकडची बरीच मुलं सीयूईटीला, म्हणजे विद्यापीठांच्या सामाईक प्रवेश परीक्षेला, इतिहास हा विषय घेतात. शिकवणाऱ्याला मग तेच तेच प्रश्न येतात, कधी मुलांकडून, कधी आईवडिलांकडून. त्यांची उत्तरं इथे एका जागी आहेत. आधी नियमांचे प्रश्न आहेत आणि खरा अभ्यास त्यानंतर सुरू होतो. घाई असेल तर 'पुस्तक वाचायचं म्हणजे नेमकं कसं?' हा प्रश्न तेवढा नक्की वाचा.

पुण्या-मुंबईतच बी.ए. करायचं असेल तर ही परीक्षा द्यावी लागते का?

बहुतेक वेळा नाही. राज्यातल्या विद्यापीठांशी संलग्न कॉलेजांत बी.ए.चा प्रवेश साधारणपणे बारावीच्या गुणांवर होतो. सीयूईटी लागते ती मुख्यतः केंद्रीय विद्यापीठांना: दिल्ली विद्यापीठ, बनारस हिंदू विद्यापीठ, हैदराबाद विद्यापीठ वगैरे. हैदराबादला बारावीनंतर थेट पाच वर्षांचा एकात्मिक एम.ए. करता येतो. एक गैरसमज मात्र फार पसरलेला आहे. इतिहासात जेएनयूचं (दिल्लीच्या जवाहरलाल नेहरू विद्यापीठाचं) नाव मोठं, म्हणून मुलं 'जेएनयूला बी.ए. इतिहास' असं ठरवून बसतात. तिथे बारावीनंतरचे बी.ए. अभ्यासक्रम मुख्यतः परकीय भाषांचे आहेत. इतिहासासाठी जायचं तर पदवी झाल्यावर, एम.ए.ला.

पेपर कसा असतो?

परीक्षा २०२२ पासून सुरू झाली आणि ती एनटीए (राष्ट्रीय परीक्षा संस्था) घेते. २०२५ पासूनची पद्धत अशी: एका विषयात ५० प्रश्न, सगळे सोडवायचे, वेळ ६० मिनिटं, पेपर संगणकावर. बरोबर उत्तराला ५ गुण, चुकलं तर १ वजा, सोडून दिलं तर शून्य. म्हणजे इतिहासाचा पेपर २५० गुणांचा. एका विद्यार्थ्याला जास्तीत जास्त ५ विषय घेता येतात. सुरुवातीच्या वर्षांत ५० पैकी ४० प्रश्न ४५ मिनिटांत सोडवायचे असत. यूट्यूबवरचे जुने व्हिडिओ अजून तेच सांगतात, म्हणून व्हिडिओची तारीख बघायची सवय लावा. परीक्षा वेगवेगळ्या पाळ्यांत होत असल्यामुळे गुणांचं सामान्यीकरण होतं, म्हणजे सोप्या-अवघड पाळ्यांचे गुण एका मापात आणले जातात. ते कसं होतं यावर तासन्‌तास वाद घालणारी मुलं मी पाहिली आहेत. त्या वेळात एक प्रकरण वाचून होतं.

माझी मुलगी सायन्सला आहे. तिला सीयूईटीला इतिहास घेता येईल का?

परीक्षेला बसण्यापुरतं, हो. २०२५ पासून बारावीत कोणते विषय होते हे न बघता पेपर निवडण्याची मुभा एनटीएने दिली आहे. पण परीक्षा देता येणं वेगळं आणि प्रवेश मिळणं वेगळं. दिल्ली विद्यापीठाने बारावीत शिकलेल्या किंवा त्याच्याशी जुळणाऱ्या विषयांचाच पेपर द्यावा अशी अट ठेवलेली आहे. तेव्हा अर्ज भरण्याआधी ज्या विद्यापीठात जायचं आहे त्याची त्या वर्षीची माहितीपुस्तिका उघडून पात्रतेचा रकाना वाचा. शेजारच्या काकांचा मुलगा मागच्या वर्षी काय म्हणाला, यावर जाऊ नका.

मी राज्य मंडळाचा आहे. बारावीला इतिहासच होता. तेवढ्यावर भागेल का?

भागणार नाही, आणि हे जितक्या लवकर कळेल तितकं बरं. सीयूईटीचा इतिहास एनसीईआरटीच्या (केंद्राच्या शालेय पुस्तकं काढणाऱ्या संस्थेच्या) बारावीच्या पुस्तकांवर बेतलेला आहे. आपल्या मंडळाचं बारावीचं पुस्तक युरोपातल्या प्रबोधनापासून सुरू होतं आणि वसाहतवाद, महायुद्धं, शीतयुद्ध असं करत 'बदलता भारत'पर्यंत येतं. एनसीईआरटीचं बारावीचं पुस्तक हडप्पापासून सुरू होतं आणि संविधानसभेवर थांबतं. दोन्हींत समान भाग म्हणजे ब्रिटिश काळ आणि स्वातंत्र्यलढा, पण तोही वेगळ्या अंगाने मांडलेला. शीतयुद्धाचं पान न्‌ पान पाठ असलं तरी या पेपरात त्याचा एक गुणही मिळायचा नाही.

गंमत अशी की आपलं अकरावीचं पुस्तक इथे जास्त उपयोगी पडतं. त्यात हडप्पाकालीन नगरं, जनपदं, मौर्य, दिल्लीची सुलतानशाही, विजयनगर आणि बहमनी, मुघल असं सगळं आहे, तेही मराठीत. अकरावी म्हणजे आरामाचं वर्ष म्हणून ते पुस्तक रद्दीत गेलं असेल तर परत मिळवा. बालभारतीच्या संकेतस्थळावर ते मोफत उतरवून घेता येतं. एनसीईआरटीचं प्रकरण वाचण्याआधी अकरावीच्या पुस्तकातला तोच भाग एकदा वाचला की इंग्रजी किंवा हिंदी मजकूर अंगावर येत नाही.

मग पुस्तकं नेमकी कोणती? मराठीत मिळतात का?

तीन भाग आहेत. इंग्रजीत 'थीम्स इन इंडियन हिस्टरी' आणि हिंदीत 'भारतीय इतिहास के कुछ विषय', भाग १, २, ३. एनसीईआरटीच्या संकेतस्थळावर मोफत आहेत. मराठीत नाहीत. आणि इथेच मराठी माध्यमाच्या मुलांची खरी अडचण आहे: प्रश्नपत्रिका १३ भाषांत निघते, त्यांत मराठी आहे, पण ज्या पुस्तकावर ती बेतलेली आहे ते पुस्तक मराठीत नाही.

माझा सल्ला असा. इंग्रजी जमत असेल तर इंग्रजी पुस्तक घ्या, नसेल तर हिंदी. पण टिपणं मराठीत काढा आणि वहीच्या शेवटी शब्दांची यादी करत जा. हिंदी पुस्तकातला 'इस्तमरारी बंदोबस्त' म्हणजे आपण शाळेत शिकलेला कायमधाराच, हे ज्याला माहीत नाही तो पेपरात उगाच अडतो. अशा शब्दांची यादी फार लांब होत नाही, कारण महसुलाचे बरेच शब्द (रयत, जमा, बटाई, वतन, मिरास) आपल्याला घरचेच आहेत. मराठी प्रश्नपत्रिका निवडली आणि एखाद्या वाक्याचा अर्थ लागेना, तर लक्षात ठेवा: भाषांतरात शंका असेल तिथे इंग्रजी प्रश्न प्रमाण मानला जातो. म्हणून महत्त्वाच्या संज्ञा इंग्रजीतही ओळखता आल्या पाहिजेत.

बाजारातली गाईडं? घ्यायची तर सरावाच्या प्रश्नांसाठी घ्या. वाचायला मूळ पुस्तकच.

काही प्रकरणं वगळली आहेत असं ऐकलं. ती करायची की नाही?

एनसीईआरटीने २०२२-२३ पासून या तीन पुस्तकांतून तीन प्रकरणं काढली: मुघल दरबार, वसाहतकालीन शहरं आणि फाळणी. पण सीयूईटीच्या पहिल्या अभ्यासक्रमपत्रकात पंधराच्या पंधरा प्रकरणं होती, ही तीन धरून. त्यामुळे 'पुस्तकात नाही म्हणजे पेपरात नाही' असं परस्पर ठरवू नका. ज्या वर्षी परीक्षा देणार त्या वर्षीचं इतिहासाचं पत्रक एनटीएच्या संकेतस्थळावरून घ्या आणि पुस्तकाची अनुक्रमणिका त्याच्याशी ताडून बघा. पत्रकात एखादं प्रकरण असेल आणि नव्या प्रतीत नसेल, तर ताईदादांची जुनी प्रत शोधा.

उलटही होतं. २०२४ च्या आवृत्तीत हडप्पाच्या प्रकरणात राखीगढीच्या सांगाड्यांच्या डीएनए अभ्यासाचा मजकूर नव्याने आला. जुन्या प्रतीत तो मिळणार नाही. दोन्ही प्रती जवळ ठेवणं काही वाईट नाही.

पुस्तक वाचायचं म्हणजे नेमकं कसं?

हा प्रश्न सगळ्यांत कमी विचारला जातो, म्हणून मीच विचारतो.

शाळेत आपण इतिहास वाचतो तो 'काय झालं' म्हणून. एनसीईआरटीची ही पुस्तकं लिहिलेली आहेत ती 'काय झालं हे आपल्याला कशावरून कळलं' म्हणून. जवळजवळ प्रत्येक प्रकरण कुठल्यातरी साधनावर उभं आहे: हडप्पाला उत्खनन, मौर्यांना शिलालेख, प्राचीन समाजाला महाभारत, मध्ययुगाला प्रवाशांची वर्णनं, मुघल शेतीला अबुल फझलने अकबराच्या दरबारात लिहिलेली 'ऐन-इ-अकबरी', ब्रिटिश काळातल्या खेड्यांना सरकारी अहवाल. हे एकदा ध्यानात आलं की पुस्तक अचानक सोपं होतं. प्रश्नही त्याच अंगाने येतात.

एक उदाहरण घेऊ. फ्रान्स्वा बर्निये हा फ्रेंच वैद्य १६५६ ते १६६८ या काळात भारतात होता. त्याने लिहिलं की मुघल साम्राज्यात जमिनीवर खासगी मालकी नव्हती, सगळी जमीन बादशहाची, आणि म्हणून देश बुडत चालला. आता समजा पेपरात विधान आलं: 'मुघल काळात जमिनीवर खासगी मालकी नव्हती.' आणि दुसरं: 'बर्नियेच्या मते मुघल काळात जमिनीवर खासगी मालकी नव्हती.' पहिलं चूक, दुसरं बरोबर. पुस्तक पुढे सांगतं की मुघलांच्या एकाही अधिकृत कागदात बादशहा जमिनीचा एकमेव मालक असल्याचं म्हटलेलं नाही. अबुल फझल तर महसुलाला राजाने प्रजेच्या रक्षणाबद्दल घेतलेला मोबदला मानतो. याच बर्नियेच्या वर्णनावरून फ्रेंच विचारवंत माँतेस्किएने पौर्वात्य जुलमी राजवटीची कल्पना रचली आणि पुढे मार्क्सने आशियाई उत्पादनपद्धतीची. पण बर्निये फ्रान्समधल्या वाचकाला धडा देण्यासाठी लिहीत होता, युरोप कसा श्रेष्ठ ते दाखवत. कोण बोलतंय, कोणासाठी बोलतंय आणि त्याच्या विरुद्ध पुरावा काय, एवढी तीन उत्तरं समासात लिहिली की बर्नियेवर कसाही प्रश्न आला तरी अडचण नाही.

हडप्पाच्या प्रकरणाचा शेवट तसाच वाचा. भारतीय पुरातत्त्व खात्याचा पहिला प्रमुख कनिंगहॅम याच्या हाती हडप्पाची मुद्रा आली होती, पण तिचं वय त्याला उमगलं नाही, कारण त्याचा भारत गंगेच्या खोऱ्यातून आणि चिनी यात्रेकरूंच्या वर्णनांतून सुरू होत होता. १९२१ च्या सुमारास दयाराम साहनींनी हडप्पाला आणि राखालदास बॅनर्जींनी मोहेंजोदडोला तशाच मुद्रा शोधल्या आणि १९२४ मध्ये खात्याचा तेव्हाचा महासंचालक मार्शल याने नव्या संस्कृतीची घोषणा केली. पण मार्शल खणत होता ठरावीक मापाच्या आडव्या थरांत, त्यामुळे वेगवेगळ्या काळांतल्या वस्तू एकत्र आल्या. १९४४ मध्ये त्याच खात्याचा महासंचालक झालेल्या व्हीलरने ही चूक ओळखली आणि टेकाडाचे नैसर्गिक थर पाळले. तोच व्हीलर पुढे मोहेंजोदडोच्या सांगाड्यांवरून 'इंद्र दोषी', म्हणजे आर्यांच्या हल्ल्यात ही माणसं मारली गेली, असा निवाडा देऊन बसला आणि १९६० च्या दशकात पुरातत्त्वज्ञ जॉर्ज डेल्सने दाखवलं की ते सांगाडे एका काळातले नाहीतच. या दोन पानांत चार-पाच प्रश्न सहज दडलेले आहेत: जोड्या लावा, क्रम लावा, कोणाचा दावा, कोणाचा प्रतिवाद.

सनावळ्या किती पाठ करायच्या?

कमी, पण साखळीने. कालक्रमाचा प्रश्न असतोच, आणि सुटे सन पाठ करणारा तिथे हमखास घसरतो, कारण दोन-तीन वर्षांच्या अंतरातल्या घटना एकत्र ठेवलेल्या असतात. आपल्या मातीतलंच उदाहरण घ्या.

१८५९ मध्ये ब्रिटिशांनी मुदतीचा कायदा केला: सावकार आणि रयत यांच्यातला कर्जरोखा तीनच वर्षं चालेल. हेतू असा की व्याज साठत जाऊ नये. झालं उलटं. दर तीन वर्षांनी सावकार नवा रोखा लिहून घेऊ लागला, त्यात जुनी बाकी आणि व्याज मिळून नवं मुद्दल. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिकडचा कापूस थांबला, आणि ब्रिटनच्या गिरण्या भारताकडे वळल्या. दख्खनमध्ये शेतकऱ्याला मागेल तेवढं कर्ज मिळू लागलं. १८६५ मध्ये युद्ध संपलं, अमेरिकेचा कापूस परत आला, भाव पडले. सावकाराने हात आखडता घेतला, त्याच सुमारास नव्या जमाबंदीने सारा भरमसाट वाढवला. मग १२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात रयत जमली, तिने दुकानदार-सावकारांवर हल्ला करून हिशेबाच्या वह्या आणि कर्जरोखे मागितले, हाती लागले ते जाळले. लोण अहमदनगरकडे पसरलं. भारत सरकारच्या दबावामुळे मुंबई सरकारने आयोग नेमला आणि दख्खन दंगे आयोगाचा अहवाल १८७८ मध्ये ब्रिटिश संसदेपुढे गेला.

ही गोष्ट ओघात सांगता आली की सन आपोआप लागतात, एकामागून एक, कारण प्रत्येक पायरीला कारण आहे. आणि आता साधनाचा प्रश्न: आयोगाने दोष कोणाला दिला? सावकाराला. सरकारी साऱ्याला नाही. सरकारनेच नेमलेला आयोग सरकारला दोषी कसा धरेल, हे वाचणाऱ्याने ओळखायचं असतं, आणि पुस्तकाची नेमकी तीच अपेक्षा आहे.

अशा साखळ्या प्रत्येक भागात दोन-तीनच निघतात. विजयनगरची एक: १३३६ स्थापना, संगम घराणं, १४८५ ला साळुव, १५०३ ला तुळुव, १५०९ ते १५२९ कृष्णदेवराय, १५६५ राक्षसी-तंगडीची लढाई, जिला आपण तालिकोट म्हणून ओळखतो, आणि नंतर अरविडू. संविधानसभेची एक: ९ डिसेंबर १९४६ पहिली बैठक, १३ डिसेंबरला नेहरूंचा उद्दिष्टांचा ठराव, २६ नोव्हेंबर १९४९ ला संविधान स्वीकृत.

शिवाजी महाराजांवर, पेशव्यांवर प्रश्न येतात का?

जवळजवळ नाही. स्वराज्याच्या स्थापनेवर या तीन भागांत स्वतंत्र प्रकरण नाही. यावर चिडून काही होत नाही, परीक्षा दिलेल्या अभ्यासक्रमावरच होते. पण महाराष्ट्र या पुस्तकांत नाही असं मात्र नाही. तो मधे मधे, वाचणाऱ्यालाच दिसेल असा पसरलेला आहे, आणि मराठी मुलाने निदान हे प्रश्न सोडता कामा नयेत.

महाभारताची चिकित्सक आवृत्ती घ्या. वि. स. सुखटणकरांच्या नेतृत्वाखाली हे काम झालं, १९१९ ला सुरू होऊन पुरं व्हायला ४७ वर्षं लागली. पुण्यातल्या भांडारकर संस्थेत. देशभरातल्या वेगवेगळ्या लिप्यांतल्या संस्कृत पोथ्या जमवून समान श्लोक निवडले गेले, १३,००० हून अधिक पानं झाली, आणि त्यातली निम्म्याहून जास्त पाठभेदांनी भरली. यावर प्रश्न यायला अगदी वाव आहे: काम कधी सुरू झालं, कोणी केलं, पाठभेद काय सांगतात.

सातवाहन राजे आईच्या नावाने ओळखले जातात, गौतमीपुत्र सातकर्णी हे नेहमीचं उदाहरण. नाशिकच्या लेण्यातल्या त्याच्या आईच्या, गौतमी बलश्रीच्या लेखात तो अद्वितीय ब्राह्मण आणि क्षत्रियांचा गर्व मोडणारा आहे. चार वर्णांत संकर होऊ दिला नाही असंही म्हटलंय. आणि याच घराण्याने शकांशी, रुद्रदामनच्या नात्यात सोयरीक केली. धर्मशास्त्र एक सांगतं, राजे दुसरंच करतात, हा त्या प्रकरणाचा गाभा आहे.

प्रभावती गुप्त ही दुसऱ्या चंद्रगुप्ताची मुलगी, दिली होती विदर्भातल्या वाकाटकांच्या घरी. तिने दंगुण नावाचं गाव दान दिल्याचा ताम्रपट आहे. शास्त्रग्रंथांनुसार स्त्रीला जमिनीवर स्वतंत्र हक्क नव्हता, इथे मात्र राणी गाव दान देते आहे. म्हणून तो लेख पुस्तकात आहे. चौदाव्या शतकातला मोरोक्कन प्रवासी इब्न बतूता दौलताबादला येतो आणि गायक-गायिकांच्या बाजाराचं वर्णन करतो, त्याचं नाव ताराबाबाद. मुघल शेतीच्या प्रकरणात गावातल्या कारागिरांना मिळणाऱ्या जमिनीबद्दल सांगताना महाराष्ट्रातल्या मिरास आणि वतनाचा उल्लेख येतो. १८५७ ला कानपूरला नानासाहेब पेशवे, झाशीला राणी. संविधानसभेत मसुदा समितीचे अध्यक्ष डॉ. आंबेडकर, आणि भाषेच्या वादात मुंबईचे शंकरराव देव. सुप्याचं वर आलंच.

वारकरी संतांना तिथे आपल्याला वाटते तेवढी जागा नाही. भक्तीच्या प्रकरणात जोर आहे तो तमिळ आळवार (विष्णुभक्त) आणि नायनार (शिवभक्त) संतांवर, बसवण्णांवर, कबीर, नानक, मीराबाई आणि चिश्ती सूफींवर. आंडाळ आणि कराईक्काल अम्मैयार ही नावं आपल्याकडे नवी असतात. अदलाबदल होऊ देऊ नका: आंडाळ विष्णुभक्त, अम्मैयार शिवभक्त.

प्रश्नांचे प्रकार कोणते? नमुना देता येईल?

सरळ प्रश्न, जोड्या, कालक्रम, दोन विधानांचे प्रश्न, विधान आणि कारण, आणि उतारा देऊन त्यावर चार-पाच प्रश्न. जोड्यांसाठी 'ऐन'मधली जमिनीची प्रतवारी आदर्श: पोलज दरवर्षी पेरली जाणारी, परौती थोडा काळ विश्रांती दिलेली, चाचर तीन-चार वर्षं पडीक, बंजर पाच वर्षं किंवा जास्त. यातल्या चाचर आणि बंजर यांची अदलाबदल करून पर्याय तयार होतात.

दोन विधानांचा नमुना: 'विधान १: इब्न बतूताने भारतातल्या टपालव्यवस्थेचं वर्णन केलं आहे. विधान २: घोड्यांच्या टपालाला तो दावा म्हणतो.' पहिलं बरोबर. दुसरं चूक, कारण घोड्यांचं टपाल म्हणजे उलुक आणि धावणाऱ्या माणसांचं ते दावा. इथे मुलं चुकतात ती माहिती नसते म्हणून नाही, पहिलं विधान ओळखीचं निघालं की दुसरं अर्धवट वाचतात म्हणून.

विधान आणि कारणात दोन्ही खरी असून संबंध नसणं, हा नेहमीचा सापळा. दोघांच्या मधे 'कारण की' घालून मोठ्याने वाचा. वाक्य खटकलं तर संबंध नाही.

उताऱ्याच्या प्रश्नांना घाबरायचं काही नाही. निम्मी उत्तरं उताऱ्यातच असतात. उरलेल्यांसाठी पुस्तकातल्या चौकटीत दिलेले 'स्रोत' वाचलेले असले पाहिजेत. बरेच जण त्या चौकटी ओलांडून पुढे जातात, ते करू नका.

उत्तर येत नसेल तर अंदाज मारावा का?

गणित करून बघा. चार पर्यायांत डोळे मिटून एक निवडला तर चारांत एकदा ५ मिळतात आणि तीनदा १ जातो, म्हणजे सरासरी प्रत्येक प्रश्नाला अर्धा गुण फायदाच. एक पर्याय बाद करता आला तर सरासरी १, दोन बाद केले तर २. त्यामुळे 'वजा गुण आहेत, हात लावू नको' हा सल्ला या परीक्षेत चुकीचा आहे. फक्त अंदाजाच्या प्रश्नावर वेळ घालवू नका. ६० मिनिटांत ५० म्हणजे प्रश्नाला सव्वा मिनिटही पुरतं मिळत नाही, आणि उतारे त्याहून जास्त खातात.

क्लास लावायचा का? एमपीएससीच्या नोट्स चालतील का?

एमपीएससीच्या नोट्स नकोत. त्यात आधुनिक महाराष्ट्र, समाजसुधारक, सन आणि संस्था असतात. चांगलं आहे, पण वेगळ्या परीक्षेसाठी. क्लासचं म्हणाल तर इतिहासासाठी मला गरज वाटत नाही. सीयूईटीचे बरेच क्लास सामान्य चाचणी (जनरल टेस्ट) आणि इंग्रजी या पेपरांवर भर देतात आणि इतिहासाच्या छापील पानांचा गठ्ठा हातात ठेवतात. तालुक्याच्या गावात राहणाऱ्या मुलाने तीन पुस्तकं, एनटीएच्या जुन्या प्रश्नपत्रिका आणि बरोबर अभ्यास करणारा एक मित्र एवढं जमवलं तरी पुरे. मित्र हवाच. त्याला एक प्रकरण तोंडी समजावता आलं नाही तर ते तुमचं झालेलं नाही.

बारावीची बोर्ड परीक्षा आणि हे, दोन्ही कसं जमवायचं?

बोर्डाची लेखी परीक्षा फेब्रुवारी-मार्चमध्ये असते, सीयूईटी साधारण मे महिन्यात. जून ते डिसेंबर या काळात आठवड्याला एक प्रकरण संथ वाचा, मराठी टिपणांसह. जानेवारी ते बोर्ड संपेपर्यंत हे पुस्तक मिटून ठेवलं तरी चालेल, बोर्डाकडे दुर्लक्ष करू नका. बोर्ड संपल्यावरच्या आठवड्यांत दुसरं वाचन, साखळ्या आणि रोज एक प्रश्नपत्रिका घड्याळ लावून, शक्यतो संगणकावर. ज्यांनी कधी माउसने परीक्षा दिलेली नाही त्यांची पहिली दहा मिनिटं नुसती पडदा वर-खाली करण्यात जातात.

बोर्ड संपल्यावरच सुरुवात करणारे? त्यांनी भाग ३ पासून सुरुवात करावी. तो बारावीच्या अभ्यासाला जवळचा आहे, पटकन होतो. मग भाग १, शेवटी भाग २.

नकाशे येतात का?

नकाशा भरायचा नसतो, पण ठिकाणं माहीत असावी लागतात. शोर्तुघई अफगाणिस्तानात, लाजवर्दी या निळ्या दगडासाठी. खेत्री राजस्थानात, तांब्यासाठी. लोथल गुजरातेत. मेसोपोटेमियाच्या लेखांत येणारं मगन म्हणजे बहुधा ओमान, दिलमुन म्हणजे बहुधा बहरीन.

पर्यायातलं उत्तर चुकीचं वाटलं, किंवा उत्तरतालिकाच चुकली, तर?

पेपरात असताना पुस्तकात जे आहे ते उत्तर द्या, तुम्ही दुसरीकडे काही वेगळं वाचलेलं असलं तरी. वाद परीक्षेनंतर घालता येतो. एनटीए आधी तात्पुरती उत्तरतालिका आणि तुमची नोंदवलेली उत्तरं दाखवते, त्यावर ठरलेल्या मुदतीत आक्षेप घेता येतो. शुल्क आजवर प्रश्नामागे २०० रुपये राहिलं आहे. मुदत थोड्याच दिवसांची असते, म्हणून तालिका लागेल त्या दिवशीच तपासायला बसा. आक्षेप घेताना एनसीईआरटीचं पान जोडा, भाग आणि प्रकरण लिहून. नुसतं 'माझं उत्तर बरोबर आहे' लिहून पैसे घालवू नका. एका प्रश्नाला ५ गुण आणि चुकीचा १ मिळून ६ गुणांचा फरक पडतो, त्यामुळे पुरावा हातात असेल तर २०० रुपयांचा विचार करत बसू नका.